प्लॉटरमध्ये कागद कोणता घातला आहे, हे प्लॉटरलाही कळू द्या

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गोव्यात घर बांधायला काढणाऱ्या माणसाला आर्किटेक्ट, नगर नियोजन खाते आणि पंचायत किंवा पालिका यांच्यामध्ये जे नकाशे घेऊन फिरावे लागते, ते जवळजवळ सगळे आज प्लॉटरच्या, म्हणजे रोलच्या कागदावर शाईने मोठे नकाशे व चित्रे छापणाऱ्या यंत्राच्या, दुकानातून छापून येतात. प्रदर्शनांत लावली जाणारी मोठी छायाचित्रे आणि चित्रांच्या प्रती यांचेही तेच. या दोन्ही प्रकारच्या कामांत नेहमी ऐकू येणाऱ्या तक्रारी दोनच आहेत. नकाशा मोजपट्टीला जुळत नाही आणि चित्राचा रंग मूळ चित्राला जुळत नाही. यंत्र जुने झाले, शाई हलकी वापरली, दुकानदाराने काटकसर केली, असे निष्कर्ष त्यावरून लगेच काढले जातात. मी म्हापशात याच व्यवसायात आहे आणि माझे स्पष्ट मत असे की, यातल्या बहुतेक तक्रारींचे मूळ प्रिंटरच्या मेनूतील ‘कागदाचा प्रकार’ या एका ओळीत असते. ती ओळ यंत्र बसवणाऱ्या तंत्रज्ञाने पहिल्या दिवशी जशी ठेवली, तशीच पुढे वर्षानुवर्षे राहते आणि रोल मात्र बदलत जातात.

ही ओळ म्हणजे नुसते नाव आहे, असा समज सर्वत्र आहे. प्रत्यक्षात कागदाचा प्रकार निवडताच यंत्र कितीतरी गोष्टी एकाच वेळी ठरवून टाकते: शाई सोडणारे हेड कागदापासून किती उंचीवर धावेल, कागद खालून किती जोराने खेचून सपाट धरला जाईल, एका जागी जास्तीत जास्त किती शाई पडेल, हेडच्या किती फेऱ्यांत ती पडेल, दोन फेऱ्यांमध्ये वाळायला किती वेळ मिळेल, प्रत्येक फेरीनंतर कागद किती पुढे सरकेल आणि दोन काळ्या शाई असलेल्या यंत्रात त्यांपैकी कोणती वापरली जाईल. इस्त्रीचा काटा सुती कपड्यावर ठेवून रेशमी शालूवर इस्त्री फिरवली, तर दोष इस्त्रीला देता येत नाही. साधा ८० जीएसएमचा (चौरस मीटरला ८० ग्रॅम वजनाचा) बॉन्ड कागद, १२० ते १४० जीएसएमचा कोटेड कागद, ट्रेसिंग, पॉलिएस्टर फिल्म, २५० जीएसएमच्या आसपासचा फोटो पेपर आणि त्याहून जाड कॅनव्हास या सर्वांना ‘प्लेन पेपर’ या एकाच नावाने छापणारी दुकाने आपल्याकडे आहेत, आणि कार्यालयांतील प्लॉटरची स्थिती त्याहून बरी असल्याचे मला आढळलेले नाही.

आधी नकाशांविषयी लिहितो, कारण त्यात सामान्य नागरिकाची जमीन गुंतलेली असते. प्लॉटरवर रोलच्या रुंदीच्या दिशेने हेड धावते. त्याची जागा एका बारीक रेघांच्या पारदर्शक एन्कोडर पट्टीवरून मोजली जाते, त्यामुळे त्या दिशेचे माप कागद कोणताही असला तरी सहसा बरोबर येते. लांबीच्या दिशेने मात्र कागद स्वतः सरकतो. रोलर ठराविक फिरतो, पण तेवढ्या फिरण्यात कागद नेमका किती पुढे जाईल हे त्याची जाडी, त्याचा गुळगुळीतपणा, खालून बसणारी खेच आणि रोलचे वजन यांवर अवलंबून असते. म्हणूनच एकाच नकाशात आडवी मापे बिनचूक आणि उभी मापे चुकलेली, असा प्रकार दिसतो. ज्याला हे कारण ठाऊक नाही तो ड्राफ्ट्समनवर संशय घेतो. एक मीटर लांबीत तीन मिलिमीटरची, म्हणजे ०.३ टक्क्यांची चूक डोळ्यांना दिसत नाही. १:५०० प्रमाणाच्या नकाशावर तीच चूक जागेवर दीड मीटर होते आणि १:१००० वर तीन मीटर. घराच्या छोट्या आराखड्यात हे खपून जाईल, पण रस्ता रुंदीकरणाच्या लांबट पट्ट्यात किंवा मोठ्या जमिनीच्या विभागणीत, जिथे एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पट्टी लावली जाते, तिथे ते खपत नाही.

यावर उपाय यंत्रातच दिलेला असतो. कागद सरकण्याची दुरुस्ती प्रत्येक कागदासाठी वेगळी साठवता येते. यंत्र चाचणीची आकृती छापते, आपण तिची लांबी स्टीलच्या पट्टीने मोजायची आणि मिळालेले माप यंत्रात भरायचे. येथे कापडी टेप वापरू नये, हे वेगळे सांगण्याची गरज असू नये, पण मी तसे होताना पाहिलेले आहे. कॅननच्या अनेक मोठ्या यंत्रांत तर वापरणाऱ्याला निवड करावी लागते की, कागद सरकवताना छपाईच्या पट्ट्यांचा सांधा नीट जुळवायचा की एकूण लांबी अचूक ठेवायची. छायाचित्रासाठी पहिला पर्याय योग्य आणि नकाशासाठी दुसरा. दोन्ही एकाच वेळी पूर्णपणे साधतीलच असे नाही, आणि यंत्र बनवणाऱ्यांनी हे प्रामाणिकपणे मेनूत लिहून ठेवले आहे. नकाशे आणि पोस्टर एकाच यंत्रावर, एकाच रोलवर छापणाऱ्या दुकानाने त्याच कागदाची दोन नावांनी नोंद करावी, एक नकाशासाठी आणि एक चित्रासाठी, असे माझे मत आहे.

एचपीच्या डिझाइनजेट मालिकेतील अनेक यंत्रांच्या माहितीपत्रकांत रेषेची अचूकता ±०.१ टक्का दिलेली असते. विक्रेते हा आकडा तोंडपाठ सांगतात. त्याच्याखालच्या बारीक अक्षरांत मात्र अटी असतात: तापमान २३ अंश सेल्सिअस, आर्द्रता ५० ते ६० टक्के, आणि कागदाऐवजी कंपनीची स्वतःची मॅट फिल्म. जुलै महिन्यात म्हापशातल्या किंवा फोंड्यातल्या कोणत्या दुकानात ही आर्द्रता मिळेल? वर्षाला सुमारे ३००० मिलिमीटर पाऊस पडणाऱ्या आपल्या प्रदेशात पावसाळ्यात हवेतील ओलावा कित्येक दिवस ८० टक्क्यांच्या वर असतो, आणि कागद तो शोषतो. कागदाचे तंतू बहुतांशी रोलच्या लांबीच्या दिशेने पसरलेले असतात आणि ओलावा लागल्यावर ते लांबीपेक्षा जाडीने अधिक फुगतात. त्यामुळे कागद लांबीत थोडा आणि रुंदीत जास्त वाढतो. म्हणजे छापताना जी दिशा भरवशाची होती, तीच नंतर जास्त बदलते. ट्रेसिंग पेपर तर ओलाव्याला विशेष हळवा असतो. पॉलिएस्टर फिल्म त्यामानाने स्थिर राहते, आणि ज्या नकाशावरून पुढे अनेक वर्षे मापे घेतली जाणार आहेत तो फिल्मवरच छापला जावा, या जुन्या सर्वेक्षकांच्या आग्रहामागे हेच कारण आहे.

कागदाच्या चाचण्या घेण्यासाठी आयएसओ १८७ या मानकात २३ अंश तापमान आणि ५० टक्के आर्द्रता सांगितली आहे. इतकी काटेकोर खोली आपल्याकडे कोणाला परवडणार नाही, हे मान्य. पण रोल मूळ प्लास्टिक पिशवीत बंद ठेवणे, छापण्यापूर्वी एक दिवस यंत्राच्याच खोलीत आणून ठेवणे, काम संपल्यावर तो स्पिंडलवर, म्हणजे यंत्रातील रोलच्या दांड्यावर, उघडा न सोडणे आणि कागद सरकण्याची चाचणी पावसाळ्याच्या सुरुवातीला व पुन्हा चवथीनंतर ऊन पडू लागल्यावर नव्याने घेणे, एवढे प्रत्येकाला जमण्यासारखे आहे. मे महिन्यात घेतलेल्या मापावर ऑगस्टमध्ये नकाशे छापणे योग्य नव्हे. ओलावा शोषून लाटा आलेल्या कागदाला हेड घासते ते वेगळेच. त्या वेळी हेडची उंची वाढवली तर घासणे थांबते, पण शाईचे थेंब अधिक अंतरावरून पडल्यामुळे बारीक रेषा धूसर होतात आणि दोन्ही दिशांनी छापताना एकाच रेषेच्या दोन रेषा दिसू लागतात. उंची वाढवल्यास हेडची जुळणीही पुन्हा करावी लागते, ही गोष्ट फार थोडे लोक लक्षात ठेवतात.

यंत्राशी संबंध नसलेली पण याच गोंधळात भर घालणारी एक बाब येथे नोंदवणे भाग आहे. पीडीएफ उघडून छापताना ‘पानाला बसवा’ हा पर्याय चालू राहिला तर सगळा नकाशा काही टक्क्यांनी लहान होतो, आणि कडेला पांढरी पट्टी न सोडता छापण्याचा पर्याय निवडला तर तो थोडा मोठा होतो. किनारपट्टीचे व्यवस्थापन आराखडे २०११ च्या सीआरझेड (किनारपट्टी नियमन क्षेत्र) अधिसूचनेनुसार १:२५,००० या प्रमाणात करायचे होते. त्या अधिसूचनेत ग्रामीण किनाऱ्यासाठी भरतीरेषेपासून सांगितलेला २०० मीटरचा विकासबंदी पट्टा अशा नकाशावर जेमतेम आठ मिलिमीटरचा असतो. छापताना नकाशा सहा टक्क्यांनी आकसला आणि वाचणाऱ्याने त्यावर साधी पट्टी लावली, तर तो पट्टा १८८ मीटरचा भरतो. गावात अशा प्रतीवर बोट ठेवून वाद घालणाऱ्या दोन्ही बाजू प्रामाणिक असू शकतात आणि तरीही दोघांच्या हातातील प्रती वेगवेगळे बोलत असतात.

पूर्वी अमोनिया प्रिंट काढत, तेव्हा प्रत ट्रेसिंगला चिकटूनच निघत असे आणि तिचे माप ट्रेसिंगच्या मापाइतके येत असे. प्रमाणाची जबाबदारी संपूर्णपणे ड्राफ्ट्समनच्या हातात होती. ती जबाबदारी आज न सांगता प्लॉटरवाल्याकडे आली आहे, आणि त्याला त्याची कल्पना कोणी दिलेली नाही.

आता रंगांविषयी. गोव्यातील काही देवळांच्या भिंतींवर पांढऱ्या चुन्याच्या गिलाव्यात कोरलेली कावी चित्रे आहेत. त्यांचा तांबूस विटकरी रंग हा छपाईची परीक्षा घेणारा रंग आहे, कारण त्यात लाल थोडा कमी पडला तर तो तपकिरी दिसतो आणि निळसर छटा वाढली तर जांभळट होतो. अशा छायाचित्रासाठी उत्तम मॅट आर्ट पेपर आणून तो ‘प्लेन पेपर’ या नावाने छापला, तर यंत्र साध्या बॉन्डला झेपेल इतकीच शाई सोडते आणि चित्र उडालेल्या रंगाचे दिसते. उलट साध्या कागदाला ‘फोटो पेपर’ म्हटले, तर शाई कागदावर साचते, मागच्या बाजूने दिसते, कागदाला लाटा येतात आणि हेड घासून सगळे काम वाया जाते. काळ्या शाईचेही तसेच. चकचकीत व अर्धचकचकीत कागदासाठी फोटो ब्लॅक आणि मॅट कागदासाठी मॅट ब्लॅक अशा दोन शाई अनेक यंत्रांत असतात. मॅट कागदावर फोटो ब्लॅक पडली की काळा राखी दिसतो, आणि चकचकीत कागदावर मॅट ब्लॅक पडली की ती नीट धरत नाही, बोटाला लागते. कोणती शाई वापरायची हे यंत्र केवळ कागदाच्या नावावरून ठरवते. त्याला कागद दिसत नाही.

या जोडीला रंगांचे प्रोफाइल, म्हणजे कोणता रंग प्रत्यक्षात कसा छापला जातो याची संगणकाला दिलेली नोंद, असते. १९९३ मध्ये स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय रंग संघटनेने, म्हणजे आयसीसीने, या प्रोफाइलचा जो सामाईक नमुना ठरवून दिला तो आज सर्व यंत्रे व संगणक वापरतात. मात्र प्रोफाइल हे एकट्या कागदाचे नसते. ते विशिष्ट यंत्र, विशिष्ट शाई, विशिष्ट कागद आणि त्या कागदासाठी निवडलेले सेटिंग या सर्वांचे मिळून असते. हानेम्यूले किंवा कॅन्सन यांसारखे कागद बनवणारे आपल्या कागदांची प्रोफाइल मोफत देतात आणि त्यासोबत यंत्रात कागदाचा कोणता प्रकार निवडावा हेही लिहून देतात. आपल्याकडे प्रोफाइल उतरवून घेतले जाते आणि ती सूचना वाचायची राहते. मग प्रोफाइल एका मात्रेच्या शाईसाठी बनलेले आणि छपाई दुसऱ्याच मात्रेची, असे होऊन रंग पूर्वीपेक्षाही बिघडतात. त्यातच संगणकावरील प्रोग्रॅमने एकदा आणि प्रिंटरच्या ड्रायव्हरने (संगणकाकडून यंत्राकडे काम पाठवणाऱ्या प्रोग्रॅमने) पुन्हा एकदा रंग बदलले, तर काय निघेल ते सांगता येत नाही. रंगांची जबाबदारी दोघांपैकी एकाकडेच असावी आणि दुसऱ्याकडील ती सोय बंद ठेवावी.

नवा कागद यंत्राला शिकवण्याचा एक ठरलेला क्रम आहे, आणि तो उलटवला की केलेले श्रम फुकट जातात. यंत्रात आधीपासून असलेल्या प्रकारांपैकी सर्वांत जवळचा प्रकार निवडून त्याची प्रत करावी व तिला कागदाचे खरे नाव, जीएसएमसह, द्यावे. नंतर हेडची उंची व खेच ठरवावी. त्यानंतर कागद सरकण्याची चाचणी घ्यावी, हेडची जुळणी करावी, मग शाईची मर्यादा व रंगांचे कॅलिब्रेशन, आणि सर्वांत शेवटी प्रोफाइल. प्रोफाइलसाठी शेकडो रंगांच्या चौकोनांचा तक्ता छापून तो स्पेक्ट्रोफोटोमीटरने, म्हणजे रंग मोजणाऱ्या उपकरणाने, मोजतात. तक्ता छापल्याबरोबर मोजू नये, शाई पूर्ण वाळू द्यावी, आणि पावसाळ्यात ती वाळायला जास्त वेळ लागतो. प्रोफाइल झाल्यावर कोणी शाईची मर्यादा बदलली, तर ते प्रोफाइल त्या क्षणापासून निरुपयोगी होते, म्हणून तयार झालेल्या नोंदीला हात लावण्याचा अधिकार दुकानात एकाकडेच असावा. नवी नोंद यंत्रात साठवल्यावर संगणकावरील ड्रायव्हरलाही ती माहिती नव्याने द्यावी लागते. अन्यथा ड्रायव्हरच्या यादीत नव्या कागदाचे नावच येत नाही, आणि काम करणारा मुलगा घाईत पुन्हा ‘प्लेन पेपर’ निवडतो. ज्यांच्याकडे स्पेक्ट्रोफोटोमीटर नाही, आणि तो बहुतेकांकडे नाही, त्यांनी निदान कागद बनवणाऱ्याचे प्रोफाइल त्याने सांगितलेल्या सेटिंगसह वापरावे. तेवढ्यानेच निम्मी लढाई जिंकल्यासारखे होते.

प्रत तपासायची कोणत्या उजेडात, हा प्रश्नही ग्राहकांशी होणाऱ्या वादांत वारंवार येतो. छापील रंग पाहण्याच्या आयएसओ ३६६४ या मानकात डी-५० हा, म्हणजे दिवसाच्या उजेडाचा एक ठरवून दिलेला प्रकार, उजेड धरलेला आहे. दुकानातील निळसर ट्यूबलाइटखाली पसंत केलेली प्रत दालनातील पिवळ्या दिव्यांखाली वेगळी दिसणारच. अतिशय पांढरे दिसणारे स्वस्त कागद बहुधा चमक आणणाऱ्या द्रव्यांनी पांढरे केलेले असतात. अतिनील किरण असलेल्या उजेडात ते निळसर पांढरे दिसतात आणि इतरत्र पिवळट. कावी चित्राच्या चुन्याचा उबदार पांढरा दाखवायचा असेल, तर असा कागद मुळात घेऊच नये. ग्राहकाने खिडकीजवळ, दिवसा, थेट ऊन न पडणाऱ्या जागी प्रत पाहावी, हा त्यातल्या त्यात सोपा मार्ग आहे.

हे सर्व दुकानदारांनी करावे म्हणून दुकानदारांनाच सांगत बसलो, तर फारसे काही बदलणार नाही, कारण चांगले काम करणाऱ्याला त्याचा मोबदला मिळत नाही. सरकारी कामांच्या दरपत्रकांत ‘ए-० रंगीत छपाई, प्रति नग’ एवढेच मागितलेले मी अनेकदा पाहिले आहे. कागद कोणता, किती जीएसएमचा, माप किती टक्क्यांपर्यंत चालेल, याचा उल्लेख नसतो, आणि मग सर्वांत पातळ बॉन्डवर घाईच्या सेटिंगने छापणाऱ्याचा दर सर्वांत कमी ठरतो. दरपत्रकात कागदाचा प्रकार व वजन लिहिणे, कायम जपायचे नकाशे फिल्मवर मागणे आणि माप तपासूनच बिल मंजूर करणे, यासाठी नव्या कायद्याची आवश्यकता नाही. गोवा कला महाविद्यालयात आणि वास्तुशास्त्र महाविद्यालयात शिकणाऱ्या मुलांना प्लॉटरच्या मेनूसमोर एकदा उभे केले, तर पुढे तीच मुले दुकानात येऊन योग्य प्रश्न विचारतील. आज ती फाइल पाठवतात आणि संध्याकाळी गुंडाळी घेऊन जातात.

आर्किटेक्ट व सर्वेक्षकांना माझी विनंती याहून नेमकी आहे. नकाशाच्या कोपऱ्यात जी छोटी प्रमाणपट्टी असते, तिच्यावरून नकाशा ‘पानाला बसवला’ गेला आहे का, एवढे कळते. कागद सरकण्यातील ०.३ टक्क्यांची चूक पाच सेंटिमीटरच्या पट्टीवर कोणालाच दिसणार नाही. त्यासाठी ए-१ आणि त्याहून मोठ्या प्रत्येक नकाशावर, चौकटीच्या आत, ५०० मिलिमीटरच्या दोन तपासरेषा काढाव्यात, एक आडवी आणि एक उभी, व त्यांवर अंतर लिहावे. शेजारी कागदाचे नाव आणि छपाईची तारीख टाकावी. नकाशे स्वीकारणाऱ्या कार्यालयांनी आपल्या खिडकीवर एक लांब स्टीलची पट्टी ठेवावी आणि रेषा अर्ध्या मिलिमीटरपेक्षा जास्त चुकली तर नकाशा परत करावा. परत करताना मोजलेले माप पेन्सिलीने त्या रेषेवर लिहून दिले, तर नागरिकाला दुकानात वाद घालावा लागणार नाही आणि दुकानदारालाही कोणत्या दिशेने किती दुरुस्ती भरायची ते त्याच जागी कळेल.

आपला नम्र,
एक प्लॉटर व्यावसायिक
म्हापसा, गोवा